सुंगट गप्प झाला

सुंगट भुंकायला लागला की माझी टीप वाकडी जायची. हे मी वाडीत सगळ्यांना सांगून झालं होतं आणि सगळ्यांचं मत एकच, की किशोरीला कुरकुरायला काहीतरी लागतंच. लागतं, नाही म्हणत नाही. दिवसभर घरात मी एकटी, समोर ब्लाउजांचा ढीग, नवरा म्हापशाला नोकरीला. तोंड बंद ठेवून कसं चालेल? पण ते भुंकणं तुम्ही ऐकलेलं नाही. वाटेवरच्या माणसावर कुत्रं भुंकतं, मांजरावर भुंकतं, ते वेगळं. हा दत्ताकाकांच्या अंगणाच्या पार टोकाला जायचा, पुढचे पाय रोवायचा आणि खाडीकडे तोंड करून एकाच सुरात सुरू व्हायचा. श्वास घेण्यापुरता थांबायचा, की पुन्हा तेच. आणि समोर बघावं तर काही नाही. बांध, बांधापलीकडे पाणी, पाण्यापलीकडे गोवा.

दत्ताकाका माझे शेजारी. दोन घरांच्या मध्ये काजूच्या फांद्यांचं एक कुंपण, तेही अर्धं मोडलेलं. आरोंद्याचा पूल होण्याआधी ते इथली तर चालवायचे, माणसं या काठाची त्या काठाला न्यायचे. आयुष्य भरती-ओहोटी बघण्यात गेलेलं. त्यांची बायको लक्ष्मीकाकी गेल्या वर्षी वारली. सुंगट तिचा. मासळीबाजारात सापडलेलं तांबूस पिल्लू, शेपटी शिजवलेल्या कोळंबीसारखी गोल वळलेली, म्हणून तिने नाव ठेवलं सुंगट. काकी गेल्यावर काका आणि सुंगट असे दोघेच एकमेकांना उरले. मुलगा निलेश त्याच घरात राहतो, पण त्याने पुढच्या खोल्या पर्यटकांसाठी काढल्यात आणि तो कायम त्यांच्याच मागे. काका मागच्या पडवीत जेवत, पहिला घास सुंगटला देत आणि दिवसभरात जे काही बोलायचं ते त्याच्याशीच बोलत. मी एकदा चेष्टेने म्हटलं, "काकानू, तो जबाब देता काय?" तर म्हणाले, "देता मगे. तू बोलाक देशीत तर तुकाय ऐकाक येयत."

हा कुत्रा आधी भुंकणारा नव्हता, हे सांगायला हवं. आळशी होता. श्रावणात तेरेखोल नदीला मोठा पूर आला, वर बांद्याच्या बाजारात पाणी शिरलं आणि आमच्या खाडीतून ओंडके, पिंपं, मुळासकट उपटलेल्या केळी वाहत आल्या. चार दिवस पाणी लाल होतं. पूर ओसरला आणि सुंगट भुंकायला लागला.

कारणं सांगायला आमच्या वाडीत कधी कुणी कमी पडत नाही. कुणी म्हणालं, काकीची आठवण येते. जुनी माणसं म्हणाली, राखणदार. बांधाच्या दारापाशी पिंपळासारख्या पानांच्या भेंडीच्या झाडाखाली राखणदाराचा दगड आहे. गावाची राखण करतो तो, शिवेवरून फिरतो. माणसाला दिसत नाही, कुत्र्याला दिसतो. काकांनी नारळ, रोट आणि विडी नेऊन दगडापुढे ठेवली. हात जोडून म्हणाले, "बाबा, तुझ्या वाटेन तू जा, माझ्या कुत्र्याक भिवव नको." दुसऱ्या दिवशी बघितलं तर रोट नव्हता, विडी चिखलात गेली होती आणि दगडासमोरचं गवत चटई अंथरल्यासारखं सपाट झालं होतं. बघायला आलेल्यांनी पुन्हा हात जोडले. राखणदार प्रसन्न झाला म्हणाले. सुंगट दुपारी परत सुरू झाला.

दसऱ्यानंतर निलेशकडे पर्यटक यायला लागले आणि प्रकरण चिघळलं. मुंबईची, पुण्याची माणसं, खाडीकाठी शांतता बघायला आलेली. एक कुटुंब दुसऱ्याच दिवशी सामान भरून निघून गेलं. त्या संध्याकाळी निलेश काय बोलला ते मी मशीनवर बसून सगळं ऐकलं. कान बंद करता येत नाहीत, त्याला मी काय करू?

"बाबानू, तुळशीच्या लग्नापर्यंत बघतंय. मगे ह्याका दोडामार्गाक पोल्ट्रीवर धाडतंय. थय साखळेक रवात, राखण करीत."

"साखळेक?" काका म्हणाले. "तो कधी साखळेक रवलोहा?"

"मगे त्याका गप करा."

रात्री काका कुंपणाशी आले, हातात उगाच एक पेरू. "माझो झील वायट नाय गो," म्हणाले. "पण सुंगट गेलो तर ह्या घरात माझी वाट बघणारा कोण रवला?" मी पेरू घेतला. मलाही त्या भुंकण्याने जीव नकोसा झाला होता आणि ते त्यांना ठाऊक होतं. रोज एकदा तरी मी कुंपणाशी जाऊन हात उगारून ओरडायचे, "काकानू, गप करा हो त्याका!" आणि काका धावत येऊन त्याचं तोंड दोन्ही हातांनी मिटून धरायचे. "झाला गो झाला, गप करतंय," हे त्यांचं उत्तर पाठ झालेलं.

तोडगा काढला जॅनेटने. जॅनेट पेडण्याच्या एका शाळेत शिकवते. आमच्या वरच्या अंगाला, काजूच्या बागेपलीकडे तिचं घर, घरात ती आणि तिची आई कार्मेलिना. तिच्याकडे बेबिंका नावाची कुत्री आहे, गोऱ्या रंगाची, गळ्यात पट्टा, दर महिन्याला आंघोळ. जॅनेट काकांच्या पडवीत बसली आणि मोबाईलवर काय काय वाचून दाखवलं.

"काकानू, ह्याका देवय दिसणा नाय आणि भूतय दिसणा नाय. ह्याका कंटाळो इलोहा. लक्ष्मीकाकी होती तेव्हा त्याच्यावांगडा कोणतरी असायचा. आता दिवसभर काय करीत तो? भुकता. बेबिंकाचा तसाच. दोघांका रोज खेळाक सोडूया. खेळली की दमतीत, दमली की झोपतीत."

"म्हणजे सोयरीक म्हण की," मी म्हटलं. "काकानू, चेडू बघूक जाताना खोबरा-साखर घेवन जावा."

आता हसू येतं, पण काका खरंच धुतलेला शर्ट घालून गेले. पहिली भेट दोन्ही घरांपासून दूर, रस्त्यावरच्या मोकळ्या जागेत. जॅनेटचे नियम कडक. कुणाच्या दारात नको, नाहीतर घरवाला कुत्रा मालकी दाखवतो. खायला काही आणायचं नाही. दोरी सैल धरायची, आधी बाजूबाजूने चालवायचं, मग वास घेऊ द्यायचा, आणि भांडणाची वाट न बघता थोडक्यात आवरायचं. सुंगटने बेबिंकाला एकदा हुंगलं, दोन पाय पुढे टाकून बूड वर केलं आणि असा काही उधळला की काकांच्या हातातून दोरी सुटली. काका इतके हसले की त्यांना खोकला आला. लक्ष्मीकाकी गेल्यानंतर त्यांना हसताना मी तेव्हाच बघितलं.

मग ठरूनच गेलं. जॅनेट शाळेला जाताना सुंगटला आपल्या अंगणात सोडायची, संध्याकाळी काका आणायला जायचे. दिवसभर दोघं धावत, लोळत, एकमेकांचे कान ओढत. घरी आला की सुंगट पाणी पिऊन मागच्या पडवीत मेल्यासारखा झोपायचा. भुंकणं बंद. एक दिवस, दोन दिवस, आठवडा. निलेशचे पाहुणे व्हरांड्यात चहा घेत खाडी बघत बसायला लागले. मी बिनचूक टिपा घालायला लागले. जॅनेटने वाडीभर सांगितलं, बघा, कंटाळाच होता. आम्ही सगळ्यांनी माना डोलावल्या. जॅनेटच्या अंगणातून खाडी दिसत नाही, आणि काकांच्या मागच्या पडवीतूनही दिसत नाही, हे कुणाच्या मनातसुद्धा आलं नाही.

त्या शांततेत इतर गोष्टी होत होत्या, पण त्या सुट्या सुट्या होत्या. कार्मेलिनाची बदकं कमी व्हायला लागली. पाच होती, तीन राहिली. "कोल्हो नेता," ती म्हणाली. खाडीत उदमांजरांचं एक कुटुंब होतं, सकाळी मासे खात दगडावर बसायचं. ते दिसेनासं झालं. आणि बांधाच्या चिखलात घसरण उमटलेली दिसायची, फळीएवढी रुंद, पाण्यातून वर आलेली आणि परत पाण्यात गेलेली. आजूबाजूला हातांचे पंजे रुतल्यासारखे खड्डे. ते मी स्वतः बघितले. चोरून वाळू काढणाऱ्यांनी होडी ओढली असणार, माणसांनी हात टेकून ढकलली असणार, असं मी म्हटलं, आणि सगळ्यांना ते पटलं. आमच्याकडे खाडीत काहीही झालं की वाळूवाल्यांच्या नावाने बोटं मोडायची सवयच आहे.

दिवाळीला थोडे दिवस होते तेव्हा कार्मेलिनाचं डोकं फिरलं. दोन्ही कुत्र्यांनी मिळून तिचा तांबड्या भाजीचा वाफा उकरून काढला होता. "एक पान ठेवल्यानी नाय!" ती खराटा घेऊन अंगणात उभी. "खेळ व्हयो तर खंय बांधार नेवा. माझ्या परसात नको!"

बांधाच्या आत भातकापणी झालेली, मोकळा सपाट गवताळ पट्टा पडलेला. जॅनेटला जागा आवडली. तिच्या शाळेच्या वेळेमुळे खेळ आता संध्याकाळी, एकाच ठरलेल्या वेळी. दिवसा सुंगट मागच्या पडवीतच, दार लावून. काका कौतुकाने सांगायचे, "आता त्याका सवय झाली. कसो गुणान पडान रवता."

दिवाळीच्या अमावास्येला त्यांच्या खेळाच्या वेळी खाडी पार ओसरलेली होती. चिखलावर बगळे चालत होते, पाणी लांब मध्यावर एक पट्टी होऊन गेलेलं. दोन्ही कुत्री गवतात धावत होती, काका बांधावर बसून विडी ओढत होते. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी पाणी थोडं जवळ होतं. तिसऱ्या दिवशी आणखी थोडं. हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं, की भरती रोज पाऊण तास उशिरा येते. लग्नाचं वऱ्हाड खाडीपलीकडून यायचं असलं तर आम्ही आधी तिथी बघतो आणि मग मुहूर्त. पण कुत्र्याचं भुंकणं आम्ही घड्याळावर मोजलं, कारण तक्रार घड्याळ बघणाऱ्यांची होती. पाणी रोज त्यांच्या खेळाच्या वेळेकडे सरकत होतं आणि मी खिडकीतून ते बघत होते, जसं रोज बघते तसंच.

चौथ्या-पाचव्या दिवशी एक गोष्ट मला खटकली. सुंगट खेळता खेळता थांबायला लागला. बेबिंका त्याच्या अंगावर उडी मारायची, तो बाजूला व्हायचा आणि बांधाकडे तोंड करून उभा राहायचा. कान पुढे. शेपटी उलगडून खाली आलेली. ती सरळ झालेली मी कधी बघितली नव्हती. मग काका त्याला हाक मारायचे, चेंडू टाकायचे, आणि तो परत यायचा. भुंकत मात्र नव्हता. इतक्या महिन्यांत भुंकलं की तोंड मिटलं जातं, हे तोही शिकला असणार.

षष्ठीच्या संध्याकाळी कार्मेलिना माझ्याकडे झगा सैल करून घ्यायला आली. नाताळात घालायचा होता. सकाळी चिखलातून काढलेल्या तिसऱ्यांची, शिंपल्यांची, पिशवी माझ्यासाठी घेऊन आली होती. बोलता बोलता सुंगटचा विषय निघाला, भाजीच्या रागाचा. मग तिचाच राग उतरला.

"कायव म्हण किशोरी, कुत्रो गुणाचो. मी चिखलात बसान तिसऱ्यो काढी तेव्हा हो वर अंगणात पडान रवलेलो. माझ्यार कधी भुकाक नाय. पाणी चढाक लागला की मगे त्याचा सुरू. माका घड्याळ नको व्हता बघ. तो भुकलो की मी उठान वर यायचंय."

"म्हणजे भरतीक भुकायचो?"

"भरतीकच. दुसरा कधी?"

मी कात्री खाली ठेवली. दुपारची झोप मोडायचा, तेव्हा पौर्णिमा होऊन गेलेली असायची. मग संध्याकाळच्या चहाला भुंकायचा. मग काही दिवस सकाळीच. मी म्हणायचे, ह्या मेल्याला वेळकाळ नाही. त्याला वेळकाळ होती, आणि ती माझ्या भिंतीवरच्या कालनिर्णयात छापलेली होती. ज्या दिवशी जशी भरती, तसं त्याचं भुंकणं. कंटाळलेला कुत्रा भरती बघून कंटाळत नाही.

मग सगळं एकदम पुढ्यात आलं. भरतीच्या पाण्यात उतरणारी बदकं. नाहीशी झालेली उदमांजरं. दगडापुढचा रोट. सपाट झालेलं गवत. पंजे रुतलेले खड्डे आणि त्यांच्या मधून गेलेली रुंद घसरण, आणि त्या घसरणीच्या मधोमध, आता आठवलं, शेपूट ओढल्यासारखी एक रेघ. होडीला शेपूट नसते. वर बांद्याकडे नदीत मगरी आहेत हे आम्हाला लहानपणापासून माहीत. त्या इथे खाऱ्या पाण्यात यायच्या नाहीत, असं आम्हीच ठरवून टाकलं होतं. श्रावणातल्या पुराने ते ऐकलं नव्हतं.

त्याच क्षणी सुंगट भुंकला.

कितीतरी दिवसांनी तो आवाज. मी खिडकीकडे धावले. पाणी बांधाच्या काठाला लागलेलं, मावळतीच्या उजेडात तेलासारखं जाड आणि स्वस्थ. जॅनेट त्या दिवशी शाळेच्या कामाने सावंतवाडीला गेली होती. बेबिंकालाही काकाच घेऊन आले होते. बेबिंका भेंडीच्या झाडाला बांधलेली, दोरी ताणून घराच्या दिशेने ओढत होती. सुंगट बांधावर, पुढचे पाय रोवून, पाण्याकडे तोंड करून तोच एकसुरी आवाज काढत होता. आणि निलेशच्या व्हरांड्यात पाहुणे बसलेले. त्यातली एक बाई उठून उभी राहिली, बघत होती.

मी चपला न घालता धावले. कुंपणाशी पोहोचले, मोडलेल्या फांदीत साडी अडकली, तिथूनच ओरडले. "काकानू! वर येवा! पाण्याकडसून वर येवा!" हात हलवून हलवून ओरडले. वारा खाडीवरून माझ्याकडे येत होता आणि मध्ये सुंगटचं भुंकणं. माझे शब्द त्यांच्यापर्यंत जाणं शक्यच नव्हतं. काकांनी वळून बघितलं. त्यांना काय दिसलं? कुंपणाशी हात उगारून ओरडणारी किशोरी. रोज दिसायची तीच. आणि तिच्यामागे, व्हरांड्यात, उभी राहिलेली पाहुणी. तुळशीचं लग्न आठवड्यावर.

मी बघितलं, काकांनी हात वर केला, मला थांब म्हणाले. मग ते लगबगीने सुंगटपाशी गेले, पाण्याकडे पाठ करून बांधाच्या कडेला गुडघे टेकले आणि त्याचं तोंड दोन्ही हातांनी मिटून धरलं.

भुंकणं थांबलं. आणि ते थांबल्यावर काकांचा आवाज स्पष्ट माझ्यापर्यंत आला. "झाला गो झाला, किशोरी. गप झालो. बघ, गप झालो."

मी किंचाळले. सुंगट त्यांच्या हातांतून सुटायला धडपडत होता. मला वाटलं होतं तो पळेल. तो पळाला नाही. त्याने मान हिसडली, काकांच्या खांद्यावरून उडी मारली आणि त्यांच्या आणि पाण्याच्या मध्ये जाऊन उभा राहिला. पाणी फुटलं. ओंडक्यासारखं काहीतरी लांब, काळपट, अर्धं बांधावर आलं आणि माघारी गेलं. एवढंच. डोळ्याचं पातं लवतं ना लवतं तोच. काका वळले तेव्हा काठावर कुणी नव्हतं, पाण्यात एक भोवरा होता आणि तोही निवत चालला होता.

मी साडी हिसकून बांधावर धावले आणि त्यांना धरून वर ओढलं. ते येईनात. त्यांचे हात तसेच होते, ओंजळ मिटल्यासारखे. "माझ्या हातात होतो गो," ते म्हणत राहिले. "तोंड माझ्या हातात होता. तो सांगी होतो आणि तोंड माझ्या हातात होता." निलेश धावत आला, पाहुणे आले, कुणीतरी विजेरी आणली. मी मोठमोठ्याने रडत होते आणि मला त्याची लाज वाटली नाही. बेबिंका झाडाला बांधलेलीच होती, तिच्याकडे कुणाचंच लक्ष नव्हतं. ती भुंकत नव्हती. पोट जमिनीला लावून थरथरत होती.

दुसऱ्या दिवशी वनखात्याची माणसं आली. त्यांनी चिखलातले पंजे मोजले, मोठी आहे म्हणाले, पुरात वरून उतरलेली. पिंजरा लावला, त्यात कोंबडी ठेवली. पिंजऱ्यात काही आलं नाही. काठाला जाऊ नका, असा फलक लावून गेले. जॅनेट काकांपुढे येऊन बसली आणि रडली, आणि काका तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "तुझा खोटा नव्हता गो. तो खेळललो खरोच." नंतर मात्र ते कुणाशीच बोलेनात. पहिला घास पानाच्या कडेला काढून ठेवायचे. तो कावळे न्यायचे.

पौर्णिमेच्या सुमाराला, भर दुपारी, मी मशीनवर होते आणि खाडीकडून आवाज आला. लांबवलेला, एका सुरातला. "पाणी इला रेऽऽ! वर येवा! पाणी इलाऽऽ!" तरीची होडी सुटायच्या वेळी काका पलीकडच्या काठाला हाक मारायचे तोच आवाज, कितीतरी वर्षांनी ऐकला. काका अंगणाच्या पार टोकाला, जिथे सुंगट उभा राहायचा नेमके तिथे, पाय रोवून उभे होते. पाणी बांधाला लागल्यापासून उतरायला लागेपर्यंत ते ओरडत राहिले. श्वास घेण्यापुरते थांबत, की पुन्हा तेच.

तेव्हापासून दिवसाउजेडी एकही भरती त्यांनी चुकवलेली नाही. घसा बसला तर पितळी ताट वाजवतात.

परवा निलेश माझ्याकडे आला. दारातच उभा राहिला, आत ये म्हटलं तरी येईना. "वैनीनू, बाबांका थोडे दिवस म्हापशाक माझ्या बहिणीकडे धाडूचा म्हणतंय. पाहुणे विचारतत, हो म्हातारो कोणार बोंब मारता? त्यांच्या डोक्यार परिणाम झालोहा. तुमकाय त्रास होता मां? तुम्ही सांगलात तर ते ऐकतीत. तुमचा ऐकत इलेहत."

माझं ऐकत आलेत. मला असा काही संताप आला की हातातली कात्री खाली ठेवावी लागली. "निलेश," मी म्हटलं, "आज तिथी खंयची?"

त्याला कळेना. तो मोबाईल काढायला लागला. तेवढ्यात काकांचा आवाज सुरू झाला. "पाणी इला रेऽऽ!"

खिडकीतून समोर कार्मेलिना दिसत होती. फलक लावला तरी तिसऱ्या सोडणाऱ्यातली ती नव्हे. ओहोटीला उतरते आणि काकांची हाक आली की निघते. टोपली धुवायला पाण्याशी वाकली होती. हाक ऐकली तशी ती आहे तशी टोपली उचलून, झगा एका हातात धरून, बांधावर चढली. चढून पुरती वर आलीही नसेल, तोच ती वाकली होती तिथलं पाणी एकदा गोल फिरलं आणि सपाट झालं.

निलेशने ते बघितलं. त्याचा मोबाईल हातात तसाच उघडा राहिला. मग तो कुंपण ओलांडून गेला आणि जाऊन बापाच्या शेजारी उभा राहिला. काकांचा घसा बसत आला होता. निलेशने पडवीतून पितळी ताट आणलं आणि स्वतः वाजवायला लागला.

मी मशीनवर बसले. टीप वाकडी गेली होती. ती उसवली आणि पुन्हा घालायला घेतली.